हिमाचे कूळ आणि घाटाचा प्रश्न

अद्भुतकथांतील हिमवासी पात्रांचा विचार करताना समीक्षेची एक सवय ध्यानात येते. बर्फाचे शरीर असलेले पात्र समोर आले, की ते भावशून्यतेचे, कोरड्या बुद्धीचे किंवा मृत्यूचे प्रतीक आहे, असा निर्णय आपण संहिता पुरती वाचण्याआधीच देऊन टाकतो. या सवयीबद्दल मी स्वतः पहिल्यांदा विचार केला तो एका वर्गात. काही वर्षांपूर्वी पदव्युत्तर विद्यार्थ्यांना तौलनिक साहित्याभ्यासाच्या तासिकेत हान्स क्रिस्तियान अँडरसन यांची 'हिमराणी' (१८४४) ही कथा शिकवीत होतो. ज्या भागात बर्फ म्हणजे उन्हाळ्यातील गोळ्याची गाडी आणि एखाद्या वर्षी उभ्या पिकावर पडणारी गार, अशा भागातली ही मुले. विवेचन संपल्यावर एका विद्यार्थिनीने विचारले, "सर, या राणीचा गुन्हा नेमका कोणता?" ती थंड आहे, असे काहीसे उत्तर मी दिले. "थंड असणे हा तिचा स्वभाव झाला. तो गुन्हा कसा?" असे ती म्हणाली. त्या दिवशी माझ्याकडे उत्तर नव्हते. प्रस्तुत लेख हा त्या प्रश्नाला उशिरा दिलेला प्रतिसाद आहे.

१

प्रथम या हिमकुळाचा संहितेतच परिचय करून घेऊ. बाहेर हिम पडत असताना म्हातारी आजी मुलांना सांगते, की त्या पांढऱ्या माश्यांच्या झुंडी आहेत. मधमाश्यांना राणी असते हे काईला ठाऊक असते, म्हणून यांनाही राणी असते का, असे तो विचारतो. असते, असे आजी सांगते. म्हणजे कथेत हिमराणी प्रथम येते ती एका कुळाची माता म्हणून. तिचे प्रजाजन म्हणजे हिमाचा एकेक कण. त्याच रात्री खिडकीबाहेरच्या कुंडीच्या कडेवर एक कण वाढत वाढत स्त्रीरूप घेतो. तिचे शरीर बर्फाचे आहे, पण ती जिवंत आहे. डोळे ताऱ्यांसारखे तेजस्वी आहेत. मात्र त्यांत स्वस्थता नाही.

या कुळाचे रक्षकही आहेत. गेर्डा उत्तरेला पोहोचते तेव्हा आकाश निरभ्र असूनही हिमकणांची एक फौज जमिनीवरून धावत येते. कोणी साळिंदरासारखे, कोणी गुंतवळ झालेल्या सापांसारखे, कोणी केस ताठरलेल्या लठ्ठ अस्वलाच्या पिल्लांसारखे. सगळे शुभ्र, सगळे जिवंत. त्यांच्या मागे शंभराहून अधिक दालनांचा, उत्तरध्रुवीय प्रकाशाने उजळलेला महाल आहे. महालाच्या मध्यभागी गोठलेले सरोवर आहे. त्याचे हजार तुकडे झालेले असून प्रत्येक तुकडा दुसऱ्यासारखा आहे. राणी त्याला बुद्धीचा आरसा म्हणते. त्या सरोवरावर बसून काई बर्फाच्या तुकड्यांनी आकृत्या जुळवीत असतो. 'अनंतता' हा शब्द त्याला जमला, तर तो मुक्त होईल, आणि राणी त्याला सारे जग व वर स्केटिंगच्या बुटांचा एक नवा जोड देईल, असा करार आहे.

या सामग्रीचा रूढ अर्थ सर्वांच्या परिचयाचा आहे. बर्फ म्हणजे बुद्धी, अश्रू म्हणजे भावना. गेर्डाच्या ऊन आसवांनी काईचे हृदय वितळते आणि भावना बुद्धीवर विजय मिळविते. हा अर्थ चूक आहे असे म्हणता येणार नाही. कथेत त्याला आधार आहे, आणि ख्रिस्ती श्रद्धेची तिची चौकटही त्याला पोषक आहे. परंतु या अर्थाची किंमत कोणती, हे पाहिले पाहिजे. त्स्वेतान तोदोरोव यांनी १९७० साली विलक्षण साहित्याची मीमांसा करताना असे दाखविले, की घटना रूपकात्मक पातळीवर वाचली की विलक्षणाला आवश्यक असलेली शब्दशः वाचनाची भूमिका नाहीशी होते. 'हिमराणी' ही त्यांच्या वर्गवारीत काटेकोर अर्थाने विलक्षण ठरणार नाही, ती शुद्ध अद्भुताच्या प्रांतात पडेल. तरीही त्यांचा इशारा येथे लागू आहे. बर्फ म्हणजे बुद्धी, असे समीकरण मांडताच साळिंदरे, साप, अस्वले ही सगळी मंडळी संहितेतून हद्दपार होतात. एक कूळच्या कूळ एका संकल्पनेत विरघळते.

२

हे समीकरण आपल्याला इतके सहज का पटते? माझ्या मते त्याचे मूळ या कथेबाहेर, साहित्यकृतीच्या घाटाविषयीच्या आपल्या एका जुन्या रूपकात आहे. प्लेटोच्या 'फीड्रस'मध्ये भाषणाला सजीव प्राण्यासारखे डोके, धड, पाय असावेत असे म्हटले आहे. ॲरिस्टॉटलनेही कथानकाच्या एकात्मतेसाठी प्राण्याचीच उपमा वापरली. आपल्याकडे राजशेखराने 'काव्यमीमांसे'त काव्यपुरुष उभा केला: शब्दार्थ हे त्याचे शरीर आणि रस हा आत्मा. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी कोलरिजने यांत्रिक घाट आणि सेंद्रिय घाट असा भेद इंग्रजी समीक्षेत रुजविला आणि तेथून तो मराठीतही आला. 'सेंद्रिय एकात्मता' हा शब्दप्रयोग आपल्या प्रबंधांत, परीक्षणांत आणि प्रश्नपत्रिकांत इतका मुरला आहे, की ते एक रूपक आहे याचाही विसर पडावा.

जिवंत शरीर हे चांगल्या घाटाचे प्रतिमान ठरले, की त्याच्या विरुद्ध टोकाला काहीतरी ठेवावे लागते. ती जागा पुष्कळदा स्फटिकाला मिळते. नियमबद्ध, सममित, निर्दोष आणि म्हणून निर्जीव असा स्फटिक. एखाद्या कवितेची रचना 'स्फटिकासारखी' आहे असे आपण म्हणतो तेव्हा त्या स्तुतीतही एक दुरावा असतो. हिमराणीचा महाल वाचताना हेच रूपक आपल्या मनात आधीपासून काम करीत असते.

येथे एक ऐतिहासिक वस्तुस्थिती नोंदवणे आवश्यक आहे. कोलरिजने हा भेद ज्यांच्याकडून घेतला त्या आउगुस्ट विल्हेल्म श्लेगेल यांनी १८०८ साली व्हिएन्नात दिलेल्या व्याख्यानांत सेंद्रिय घाटाची उदाहरणे देताना क्षार व खनिजे यांच्या स्फटिकीभवनापासून सुरुवात केली होती. तेथून ते वनस्पती व फुले आणि मग मानवी शरीर यांच्याकडे गेले. म्हणजे मूळ मांडणीत स्फटिक सेंद्रियाच्या बाजूला होता. आतून उमलणाऱ्या आकाराची ती पहिली पायरी होती. यांत्रिक घाट म्हणजे बाहेरून लादलेला आकार. कोलरिजच्या ज्या मांडणीचा पुढे सर्वत्र हवाला दिला जातो तिच्यात यांत्रिकतेसाठी ओल्या मातीला दिलेल्या आकाराचे उदाहरण ठळक राहिले आणि स्फटिक नजरेआड झाला. आपण मात्र त्याला पलीकडच्या पक्षात ढकलून मोकळे झालो.

३

स्फटिकाची बाजू नीट समजून घ्यायची तर साहित्याबाहेर थोडे जावे लागेल. १६११ साली योहानेस केप्लर यांनी प्रागमध्ये आपले स्नेही व आश्रयदाते वाकर फॉन वाकनफेल्स यांना नववर्षाची भेट म्हणून षट्कोनी हिमावर एक छोटा प्रबंध दिला. पुलावरून जाताना अंगरख्यावर पडलेले हिमकण त्यांनी पाहिले, आणि हे नेहमी सहा कोनांचेच का, असा प्रश्न त्यांना पडला. उत्तराच्या शोधात ते मधाच्या पोळ्यातील घरांकडे आणि डाळिंबाच्या दाण्यांकडे वळले. गोलाकार वस्तू दाटीवाटीने रचल्या असता कोणते आकार होतात, हे त्यांनी तपासले. हिमाला हा आकार घेऊन काही साधायचे असेल असे त्यांना दिसेना; शेवटी निसर्गातील घडविणारी शक्ती येथे केवळ खेळते आहे, अशा अनुमानावर ते आले आणि पुढचा शोध रसायनवेत्त्यांवर सोपवून थांबले. केप्लरच्या प्रबंधात पोळे आणि हिम शेजारी येतात, अँडरसनच्या कथेत हिमकण मधमाश्या होतात. यावरून प्रभावाचा दावा मी करीत नाही. दोघांनाही हिमात एक कूळ दिसले, एवढेच येथे पुरेसे आहे.

केप्लरच्या प्रश्नाचे उत्तर आज आपल्याजवळ आहे. गोठताना पाण्याचे रेणू षट्कोनी जाळीत बसतात, म्हणून हिमकणाला सहा बाहू फुटतात. पण साहित्याच्या अभ्यासकाला अधिक महत्त्वाची वाटावी अशी गोष्ट यापुढची आहे. जपानी भौतिकशास्त्रज्ञ उकिचिरो नाकाया यांनी १९३६ साली होक्काइदो येथे प्रयोगशाळेत प्रथमच कृत्रिम हिमस्फटिक वाढविले. तापमान आणि आर्द्रता बदलली की स्फटिकाचा आकार कसा बदलतो, हे त्यांनी दाखविले. शून्याखाली सुमारे ५ अंशांवर सुया आणि पोकळ स्तंभ बनतात, तर सुमारे १५ अंशांवर, आर्द्रता पुरेशी असेल तर, फांद्या फुटलेले तारे. ढगातून खाली येताना कण ज्या ज्या थरांतून जातो त्यांची नोंद त्याच्या अंगावर उमटत जाते. म्हणूनच हिमस्फटिक हे आकाशाने धाडलेले पत्र आहे, असे नाकाया म्हणत. कणाचे सहाही बाहू परस्परांशी कोणताही संपर्क न ठेवता जवळपास सारखे वाढतात, कारण ते एकाच वेळी एकाच हवेतून जात असतात. शिवाय निर्दोष सममिती ही फार विरळा गोष्ट आहे. अमेरिकेतील व्हरमाँटचे विल्सन बेंटली यांनी १८८५ पासून सूक्ष्मदर्शकातून हिमकणांची पाच हजारांहून अधिक छायाचित्रे घेतली. त्यांतील देखण्या आकृत्यांमुळे सारे हिमकण असेच असतात असा आपला समज झाला. प्रत्यक्षात बहुतेक कण मोडके, एका अंगाने वाढलेले, एकमेकांत अडकलेले असतात.

याचा अर्थ स्फटिक सजीव आहे असा नाही. त्याला चयापचय नाही, वेदना नाही. पण त्याला चरित्र आहे. त्याचा आकार काळातून घडलेला आहे, बाहेरून लादलेला नाही. 'यांत्रिक' या कोटीत तो बसत नाही. अवयवांचे परस्परावलंबन हा सेंद्रियतेचा निकष धरला तर तो 'सेंद्रिय' या कोटीतही पुरता बसत नाही. एकत्र सोसलेल्या हवेमुळे आलेली एकरूपता, असा एकात्मतेचा तिसरा प्रकार तो आपल्यासमोर ठेवतो.

४

आता संहितेकडे परत येऊ. येथे आक्षेप संभवतो, की १९३६ च्या भौतिकशास्त्राने १८४४ ची कथा वाचणे हा कालविपर्यास होईल. अँडरसनला हे ज्ञान होते असे मला म्हणायचे नाही. स्फटिकाविषयीची आपली कल्पना अपुरी आहे हे कळल्यावर, ती कल्पना कथेवर लादणे आपण थांबवावे, इतकेच माझे म्हणणे आहे. ती बाजूला ठेवली की कथेत काय दिसते?

पहिली गोष्ट, दुष्टत्वाचा उगम हिमकुळात नाही. विकृत आरसा सैतानी ट्रोलने बनविला. त्याचे तुकडे जगभर विखुरले आणि त्यांतील दोन काईच्या डोळ्यात व हृदयात गेले. हे घडते भर उन्हाळ्यात, फुलांच्या सान्निध्यात. हिमराणीचा त्यात हात नाही. आणखी असे, की तो तुकडा काचेचा आहे. काच आणि स्फटिक यांना आपण एकाच माळेत ओवतो, परंतु आजचे विज्ञान काचेला अस्फटिकी पदार्थ मानते. तिच्या रेणूंना हिमासारखी शिस्तबद्ध मांडणी नसते. काईला बाधा झाली ती काचेची, बर्फाची नव्हे.

दुसरी गोष्ट भिंगाच्या प्रसंगाची. तुकडा डोळ्यात गेल्यानंतरच्या हिवाळ्यात काई आपल्या निळ्या कोटाच्या टोकावर हिमकण झेलतो आणि गेर्डाला भिंगातून ते बघायला सांगतो. त्याला ते खऱ्या फुलांहून सरस वाटतात, कारण त्यांत एकही दोष नाही. रूढ वाचन म्हणते, की पाहा, स्फटिकाची मोहिनी! पण हे मत कोणाचे आहे? ज्याच्या डोळ्यात काच आहे त्याचे. निर्दोषता हिमात नाही, त्या नजरेत आहे. याच कथेत पुढे गेर्डा हिमकणांना भिंगाविना सामोरी जाते. भिंगातून ते किती मोठे आणि कलाकुसरीचे दिसले होते, याची तिला आठवण होते. पण येथे त्यांचा मोठेपणा वेगळाच आहे, भयंकर आहे, कारण ते जिवंत आहेत. निवेदकाने ही तुलना मुद्दाम घडविली आहे. एकच कूळ दोन वाचकांना दोन प्रकारे दिसते. काईला त्यात भूमिती दिसली, तर गेर्डाला वेडीवाकडी, केस ताठरलेली, धावणारी श्वापदे. त्यांना भिऊन का होईना, त्यांचे जिवंतपण मान्य केले ते गेर्डाने. अँडरसनने भिंगासाठी वापरलेला डॅनिश शब्द 'जाळणारी काच' असा आहे. सूर्यकिरण एकवटून कागद पेटविण्याचा खेळ आपल्याकडच्या मुलांनाही माहीत असतो. तसे पाहता तेच भिंग ऊबही देऊ शकले असते. काईने ते फक्त तपासणीसाठी वापरले.

तिसरी गोष्ट फुलांची. तिसऱ्या प्रकरणात गेर्डा एका बागेतल्या फुलांना काईबद्दल विचारत फिरते. प्रत्येक फूल आपापली गोष्ट सांगत राहते. गेर्डाच्या प्रश्नाशी कोणाला कर्तव्य नाही. फक्त गुलाब, जमिनीखाली जाऊन आल्यामुळे, काई मृतांमध्ये नाही एवढे सांगतात. सेंद्रिय जीवनाची प्रातिनिधिक रूपे असलेली ही फुले इतकी आत्ममग्न आहेत. याउलट शेवटी काय होते? गेर्डा आणि काई यांचे अश्रू वाहतात, दोघे आनंदाने नाचू लागतात, तेव्हा भोवतालचे बर्फाचे तुकडेही हर्षाने नाचतात आणि दमून खाली टेकतात, तो नेमका 'अनंतता' हा शब्द तयार झालेला असतो. काईला अंकगणिताने जे जमले नाही ते बर्फाने आपणहून केले. करार मोडला गेला नाही, पुरा झाला. हिमकुळाने या क्षणी मुलांची बाजू घेतली, असे म्हणण्यावाचून गत्यंतर नाही.

अर्थात विरुद्ध पुरावाही आहे. गेर्डाच्या प्रार्थनेच्या श्वासातून देवदूत उभे राहतात आणि ते हिमरक्षकांना भाल्यांनी भेदून त्यांचे शंभर शंभर तुकडे करतात. हा प्रसंग झाकून ठेवता येणार नाही. पण राणीचे काय होते ते पाहावे. तिचा पराभव होतच नाही. ती त्या वेळी घरीच नसते. एटना आणि व्हेसुव्हियस या ज्वालामुखींच्या माथ्यावर शुभ्र रंग द्यायला ती उष्ण देशांत गेलेली असते. लिंबांना आणि द्राक्षांना ते मानवते, असे कारणही कथेत आहे. आधी काईचे दोनदा चुंबन घेऊन, आणखी घेतले तर तू मरशील, असे सांगून ती थांबली होती. त्या चुंबनांनी तो गेर्डाला आणि आजीला विसरला, हे खरेच. तरीही तिला आपल्या स्पर्शाची मर्यादा ठाऊक आहे.

५

हिमकुळाला शत्रू न मानताही त्याचा बळी घेता येतो, याचे उदाहरण रशियन साहित्यात आहे. अलेक्सांद्र ओस्त्रोव्स्की यांच्या 'स्नेगुरोच्का' (१८७३) या नाटकात हिमकन्या ही दंवराज आणि वसंतसुंदरी यांची मुलगी. याच नाटकावरून रिम्स्की-कोर्साकोव्ह यांचा ऑपेरा १८८२ साली रंगभूमीवर आला. तिच्या जन्मापासून पंधरा वर्षे सूर्यदेव यारीलो रुष्ट आहे, बेरेंदेय लोकांचा उन्हाळा आटला आहे. तिला प्रेम करता येत नाही. ती आईकडे ते मागते, आई देते, आणि प्रेम लाभताच पहिल्या सूर्यकिरणाने ती वितळते. तिचा प्रियकर सरोवरात उडी घेतो. राजा मात्र लोकांना खिन्न होऊ देत नाही. थंडी सरली आहे, म्हणून सारा समाज सूर्याचे स्तोत्र गातो. येथे उबेची किंमत कोणी मोजली हे लपलेले नाही. वाचकाने त्या स्तोत्रात सूर मिसळायचा की नाही, हे मात्र त्याच्यावर आहे.

आपल्या परंपरेतही हिमाचे एक कुटुंब आहे: हिमवान, मेना, मैनाक आणि पार्वती. कालिदासाने 'कुमारसंभवा'च्या आरंभी हिमाला पर्वताच्या अनेक गुणांत लोपणारा एक दोष म्हटले, हे खरे. पण त्या घरची कन्या पंचाग्नीत तप करते आणि वितळत नाही. हिम आणि ताप यांचे वैर येथे गृहीत धरलेले नाही. स्फटिकाविषयीही आपली दार्शनिक परंपरा वेगळे बोलते. जास्वंदीशेजारी ठेवलेला स्फटिक लाल दिसतो, या दृष्टांतात तो निर्जीवतेचे उदाहरण म्हणून येत नाही. स्वतःचा रंग न लादता दुसऱ्याचा रंग उतरू देणे, असे त्याचे रूप आहे. अभिनवगुप्ताने सहृदयाचे लक्षण सांगताना काव्याच्या अभ्यासाने स्वच्छ झालेल्या मनाच्या आरशाची प्रतिमा वापरली. स्वच्छता आणि तन्मयता या त्याच्या मते एकाच रसिकाच्या ठायी नांदतात. काईजवळ आरसा नव्हता असे नाही. त्याच्याकडे तो फक्त तुकड्यांत होता.

२०१३ सालच्या 'फ्रोझन' या चित्रपटाने, अँडरसनच्या कथेवरून स्फूर्ती घेत, बर्फाळ राणीला एक बहीण दिली आणि तिला घरात घेतले. मुलांनी हा बदल क्षणात स्वीकारला. समीक्षा मात्र अजून जुन्या जागी आहे. सेंद्रिय एकात्मतेचे रूपक टाकून द्यावे असे मी म्हणत नाही. त्याने आपल्याला पुष्कळ दिले आहे. परंतु ते एकमेव प्रतिमान ठरले की सात प्रकरणांची, फुलांच्या विसंवादी गोष्टी पोटात घेणारी 'हिमराणी'सारखी रचना विस्कळीत वाटू लागते. तिच्या प्रकरणांना एका शरीराचे अवयव मानण्यापेक्षा, एकाच हवेतून खाली आलेले हिमकणाचे बाहू मानले, तर तिच्या एकात्मतेचा उलगडा अधिक चांगला होतो. प्रत्येक प्रकरण स्वतंत्रपणे वाढते. त्या सर्वांनी हरवणे आणि शोधणे यांचे एकच हवामान अनुभवलेले आहे.

त्या विद्यार्थिनीला आज मी सांगेन, की राणीचा गुन्हा संहितेत सापडत नाही. तिने मुलाला नेले, त्याला विस्मरण दिले, हा दोष तिच्याकडे जातो आणि तो लहान नाही. पण थंड असणे हा तिचा गुन्हा आम्ही वर्गात ठरविला. तो ठरविताना आमच्या हातात भिंग होते, आणि आपण काय पाहतो आहोत हे भिंगाला नव्हे, स्वतःला विचारायचे राहून गेले होते.